सत्तर डबे, सत्तर सह्या

वातुजाजारमध्ये, म्हणजे जावा बेटावरच्या आमच्या डोंगरगावात, सरकार काय करतंय हे कुणाला जाणून घ्यायचं असेल, तर त्यानं लुराहच्या कचेरीत जाऊ नये. लुराह म्हणजे आमचा गावप्रमुख. भला माणूस आहे, पण त्याला स्वतःलाच ठाऊक नसतं. जावं ते कचेरीमागच्या बोळात, बू सुकेसीच्या स्वैपाकघरात. बाईला मानानं बू आणि पुरुषाला पाक म्हणायची आमची रीत, तशी ही बू सुकेसी. बावीस वर्षं सरकारच्या प्रत्येक बैठकीला खाऊचे डबे हिनंच पुरवले. पुठ्ठ्याचा पांढरा डबा, त्यात दोन लेम्पर, केकचा एक तुकडा, मूठभर तळलेले शेंगदाणे आणि पाण्याचा सीलबंद पेला. लेम्पर करावेत ते तिनंच. चिकट तांदूळ नारळाच्या दुधात शिजवायचा, पोटात पिंजलेली मसाल्याची कोंबडी भरायची, केळीच्या पानात गुंडाळून निखाऱ्यावर शेकायचा. पान उलगडल्यावर जो वास सुटतो त्याच्या आशेवर माणसं दोन-दोन तास भाषणं सोसायची.

बाई अंगानं आडवी, डोक्याला कायम फुलाफुलाचा रुमाल, आणि जीभ अशी की समोरचा माणूस उभ्याउभ्या सोलून निघावा. नवरा लवकर गेला. मुलगा जारवो कोबीच्या टेम्पोवर चालक. घर चाललं ते डब्यांवर. बैठक जितकी निरुपयोगी तितकी लांब, आणि जितकी लांब तितके डबे जास्त, असा तिचा हिशेब होता. त्यामुळे सरकारचा तिला राग कधी आला नाही. तिला फक्त किळस होती. घरच्या उंदराची असते तशी, रोजची आणि सवयीची.

"ह्यांच्यापेक्षा माझी कोंबडी बरी," ती म्हणायची. "ओरडते तेव्हा अंडं तरी देते."

सभागृहाच्या मागच्या दाराशी, डब्यांच्या चळतीआड बसून तिनं सगळं पाहिलं होतं. फलक आधी छापून यायचा, बैठक नंतर व्हायची. सभा दुपारी एकला असली तर इतिवृत्त सकाळी नऊलाच तयार. गावचा चिटणीस पोनिमान, ज्याला आम्ही चारिक म्हणतो, तो मागच्या वर्षीचा कागद उघडून नुसती तारीख बदलायचा. 'सविस्तर चर्चेअंती उपस्थितांनी एकमतानं मान्यता दिली.' हे वाक्य सुकेसीनं इतक्या वेळा वाचलं होतं की तिला ते नमाजाच्या शब्दांसारखं तोंडपाठ झालं होतं. जिल्ह्याहून साहेब यायचे, माइकवर तीनदा फुंकर मारायचे, राष्ट्रगीत व्हायचं, मग साहेब उंटावरून शेळ्या हाकायला लागायचे. शेवटी म्हणायचे, "वेळेअभावी दोनच प्रश्न." पहिला प्रश्न लुराहच्या मेव्हण्याचा, दुसरा पहिल्याचं कौतुक करणारा. वरच्या वाडीच्या बायकांनी लागोपाठ तीन वर्षं पाण्याचा नळ मागितला. तिन्ही वर्षं गावाला वेशीवरची कमान मिळाली. पहिली बांधली, दुसऱ्या वर्षी ती पाडून मोठी बांधली, तिसऱ्या वर्षी तिला रंग दिला. बायका अजून झऱ्यावरून पाणी आणतात, तेवढं मात्र आता कमानीखालून आणतात.

हे सगळं तिला दिसत होतं. दिसलं नाही ते एकच, आणि ते तिच्याच हातचं होतं.

झालं होतं असं की पूर्वी डबे खुल्या टेबलावर असायचे. लोक एकाचे दोन उचलायचे. कोणी नातवासाठी, कोणी म्हाताऱ्या सासूसाठी, कोणी घरी न आलेल्या पाहुण्यासाठी. शेवटच्या रांगेतले दहाजण उपाशी जायचे आणि शिव्या सुकेसीला बसायच्या. एके दिवशी तिनं चारिकला खडसावलं.

"पाक चारिक, तुमची ती हजेरीची वही दाराशी ठेवा. सही केल्याशिवाय कोणाला डबा नाही. एक सही, एक डबा. बघू कोण दोन उचलतो ते."

चारिकचे डोळे चमकले. तेव्हा तिला वाटलं, गड्याला शिस्त आवडली. त्या दिवसापासून प्रत्येक बैठकीला दाराशी टेबल, टेबलावर कागद, कागदामागे सुकेसी आणि तिच्यामागे डबे. लोक यायचे, सही ठोकायचे, डबा घ्यायचे. निम्मे तर तिथूनच परत फिरायचे. कागदावर वर काय छापलंय हे वाचायचं कारणच काय? हजेरीच तर होती. आणि सुकेसीला अभिमान, की तिच्या टेबलावरून सही न करता माणूस सुटत नाही. स्वतः मात्र ती सही करत नसे. तिला डबा लागत नव्हता.

आता उपकेंद्राचं सांगतो. मशिदीच्या पलीकडे दोन खोल्यांचं सरकारी उपकेंद्र होतं. पुढच्या खोलीत तपासणी, मागच्या खोलीत नर्सबाई वेनिंग राहायची. वय तिशीचं, बोलणं कमी, हात देवाचा. जारवोची बायको लस्त्री पहिल्या खेपेला बाळंत झाली तेव्हा रक्त थांबेना. वेनिंगनं इंजेक्शन दिलं, मूठ पोटावर दाबून पाऊण तास तशीच उभी राहिली, आणि लस्त्रीला वाचवलं. बाळ मात्र राहिलं नाही. जाताना ती सुकेसीला बाजूला घेऊन म्हणाली होती, "बू, हिला पुढच्या खेपेला असंच होईल. तेव्हा मी हाकेच्या अंतरावर हवी. चौदा किलोमीटरवरच्या आरोग्य केंद्रात पोचेपर्यंत ही टिकायची नाही."

आणि आता लस्त्रीला पाचवा महिना लागला होता.

त्याच महिन्यात सत्तर डब्यांची ऑर्डर आली. फलकावर छापलं होतं, 'आरोग्य सेवा आपल्या अधिक जवळ.' नाव सोनुबाई आणि हाती कथलाचा वाळा, तशातली गत. साहेब होते आरोग्य खात्याचे पाक हर्यातमो. इस्त्रीचा बाटिक सदरा, मऊ हात, बोलणं साखरेच्या पाकातलं. तासभर त्यांनी पडद्यावर रंगीत वर्तुळं दाखवली. सुकेसी दाराशी सह्या गोळा करत होती. जारवोनंही सही केली, बाराव्या ओळीवर, आणि डबा घेऊन टेम्पोवर गेला. सत्तर डबे, सत्तर सह्या. एकही डबा उरला नाही म्हणून सुकेसी खूश होती.

तीन आठवड्यांनी वेनिंग तिच्या स्वैपाकघरात आली. हातात पत्र होतं.

"बू, माझी बदली झाली. उपकेंद्र बंद होतंय. आसपासची सगळी उपकेंद्रं मिळून रस्त्यालगत एकच मोठं केंद्र करायचं म्हणे."

"कोणाला विचारून?"

वेनिंगनं पत्राची मागची पानं उलटली. "गावाला विचारून. सत्तर लोकांची संमती जोडलीय."

सुकेसीनं हात पदराला पुसले आणि कागद घेतला. तिच्याच टेबलावरचा कागद. ओळ बारा, जारवो. ओळ चाळीस, तिची सख्खी बहीण. फक्त सह्यांच्या पानाआधी एक नवं पान आलं होतं, त्यावर लिहिलं होतं, 'आम्ही खाली सह्या करणारे ग्रामस्थ उपकेंद्राच्या विलीनीकरणास स्वखुशीनं संमती देत आहोत.'

ती तशीच उठून कचेरीत गेली. पोनिमान नखं कापत बसला होता.

"पाक चारिक, ही हजेरी होती."

"हजेरीच आहे की, बू."

"मग ही संमती कुठून आली?"

"हजर होता म्हणजे ऐकलं. ऐकलं आणि हरकत घेतली नाही म्हणजे संमती." त्यानं नखं टोपलीत झाडली. "बू, तुम्ही आज उगवल्यासारखं काय करता? दरवर्षी हेच असतं. कमान कशी मंजूर झाली असं वाटलं तुम्हाला? आधी सह्या मिळायच्या नाहीत, घरोघर हिंडावं लागायचं. तुम्ही ती डब्याची युक्ती काढलीत आणि माझी वणवण वाचली. मी तर घरी सांगतो, बू सुकेसी म्हणजे आपली लक्ष्मी."

मुस्लिम माणसाच्या तोंडी लक्ष्मी कुठून आली म्हणाल, तर आमच्या जावात भातशेतीची देवी अजून लोकांच्या कोठारात बसलेली आहे. ती कोणाला परकी नाही. पण त्या दिवशी सुकेसीला तो शब्द थोबाडीत मारल्यासारखा लागला. कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ. बावीस वर्षं दाराआडून ज्यांना हसलो, त्यांच्या हातातलं लाकूड आपणच होतो.

"थुः," ती म्हणाली. पोनिमानला की स्वतःला, हे तिचं तिलाच ठाऊक.

"अजून पडताळणीची बैठक व्हायची आहे," चारिक घाईनं म्हणाला. "पंधरा दिवसांनी. पाक हर्यातमो स्वतः येतायत. तिथं सांगा काय ते. आणि हो, डबे सत्तरच करा."

पंधरा दिवस सुकेसी घरोघर फिरली. बसायची, चहा प्यायची, आणि एकच सांगायची. बैठकीला या. डबा घ्या, तो तुमच्या हक्काचा आहे. पण सहीच्या रकान्यात सही करू नका. तिथं लिहा, 'नाकबूल'. लोक आधी बिचकले. आमच्याकडे साहेबाच्या तोंडावर नाही म्हणणं म्हणजे पाहुण्याच्या ताटातलं काढून घेणं. पण कागदावर, मान खाली घालून, लेम्परच्या वासात 'नाही' लिहायचं म्हणजे त्यात कोणाच्या तोंडाकडे बघावं लागत नव्हतं. ते लोकांना पटलं. बहीण म्हणाली, "अगं, मला लिहिता कुठं येतं?" तर सुकेसीनं तिला शेंगदाण्याच्या कागदावर चार संध्याकाळी गिरवून घेतलं.

बैठकीच्या दिवशी चौसष्ट माणसं आली. चौसष्ट वेळा 'नाकबूल' लिहिलं गेलं; कोणी सुबक, कोणी वाकडंतिकडं, बहिणीचं दोन रकान्यांत पसरलेलं. मग सुकेसीनं आयुष्यात पहिल्यांदा टेबल सोडलं आणि सभागृहात जाऊन खुर्चीवर बसली. प्रश्नांची वेळ आली तेव्हा लुराहच्या मेव्हण्याच्या आधी तीच उठली.

"साहेब, माझी सून गरोदर आहे, आता सहावा लागला. नर्सबाई गेली तर ती मरेल. एवढंच सांगायचं होतं."

पाक हर्यातमो गोड हसले. "बूंच्या मौल्यवान सूचनेबद्दल आभार. आम्ही ती जरूर लक्षात घेऊ. आणि आजच्या लेम्परबद्दलही खास आभार मानायला हवेत." लोक हसले. चक्क हसले, नाकबूल लिहून आलेले लोक. सुकेसी खाली बसली. तिला वाटलं, हसू देत, कागद हसत नाही.

बैठक संपल्यावर पोनिमानची नजर रकान्यांवर गेली आणि त्याच्या तोंडचं पाणी पळालं. पण साहेबांनी कागद उचलून फायलीत घातले होते. साहेबांच्या हातातल्या फायलीबद्दल बोलेल तो चारिक कसला.

महिन्यानं आदेश आला. उपकेंद्र बंद. सोबत जोडपत्र दोन, 'पडताळणी बैठक, उपस्थित चौसष्ट, संमती चौसष्ट.' खाली त्याच पानांची प्रत. चौसष्ट वेळा 'नाकबूल', आणि प्रत्येक पानाच्या कोपऱ्यात तीन-तीन कचेऱ्यांचे गोल शिक्के. तीन कचेऱ्यांतल्या तीन माणसांनी पान उलटलं होतं, ओळी मोजल्या होत्या, शिक्का मारला होता. वाचलं एकानंही नव्हतं. लोक खोटं बोलतात, लबाडी करतात, हे सुकेसीनं गृहीत धरलं होतं. लबाडाला निदान डोकं लागतं. हे असले ठोंबे आपल्यावर राज्य करतात, ह्याची तिला लाज वाटली.

ती प्रत पिशवीत घालून जारवोच्या टेम्पोतून जिल्ह्याच्या गावी गेली. पाक हर्यातमोंनी तिला गार खोलीत बसवलं, चहा मागवला. तिनं कागद पुढे ठेवला. साहेबांनी चष्मा लावला आणि ह्या कागदाच्या आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी तो वाचला. वरपासून खालपर्यंत, बोट फिरवत.

"बू, तुमचं बरोबर आहे," ते शेवटी म्हणाले. "इथं नाकबूल लिहिलंय."

"मग?"

"म्हणजे ह्या सह्या नाहीत."

"नाहीतच. ते नाही म्हणतायत."

"तसं नव्हे. सही नाही म्हणजे तो माणूस नियमानं हजर नव्हता. म्हणजे पडताळणीच्या बैठकीला कोणीच आलं नाही." त्यांनी चष्मा काढून पुसला. "आणि कोणी आलं नाही, म्हणजे हरकत कोणी घेतली नाही. पहिल्या बैठकीच्या सत्तर सह्या मात्र अगदी व्यवस्थित आहेत."

सुकेसी म्हणाली, "मी उभी राहून बोलले. तुम्ही माझे आभार मानलेत."

"तुमची हजेरीवर सही आहे का?"

नव्हती. बावीस वर्षांत एकदाही नव्हती.

"मग पुन्हा बैठक घ्या," ती म्हणाली. "ह्या खेपेला सही करून नाही म्हणू."

"घेतली असती, बू. पण ह्या वर्षीची अल्पोपहाराची तरतूद संपली. अल्पोपहाराशिवाय लोकसहभागाची बैठक नियमात बसत नाही."

"डबे मी देते. फुकट."

पाक हर्यातमोंचा चेहरा खरोखर दुखावल्यासारखा झाला. "नको, नको. ग्रामस्थांकडून आम्ही असं काही घेणं म्हणजे लाच होईल. आम्ही स्वच्छ कारभाराची शपथ घेतलीय." भिंतीवर ती शपथ चौकटीत लावलेली होती, खाली साहेबांची सही.

तिनं चहाला हात लावला नाही. परतताना टेम्पोत जारवो म्हणाला, "आई, आपण लस्त्रीला तिच्या माहेरी ठेवू या का?"

"माहेरी आणि काय, समुद्रकिनाऱ्यावर? तिथं तर खेकडेच बाळंतपण करतील," सुकेसी म्हणाली.

उपकेंद्राला कुलूप लागलं. नवं मोठं केंद्र अजून पायापर्यंतच आलं होतं, म्हणून वेनिंगला चौदा किलोमीटरवर जुन्याच केंद्रात कोपरा मिळाला. पण बाई शब्दाची. दर गुरुवारी, आपल्या सुट्टीच्या दिवशी, ती स्कूटरवरून गावात यायची. सुकेसीनं पुढची खोली रिकामी केली. डब्यांचे पुठ्ठे माळ्यावर टाकले, पलंग मांडला, पडदा लावला. बायका रांगेनं येऊ लागल्या. लस्त्रीचे दिवस भरले तेव्हा वेनिंगनं चार दिवस रजा टाकली आणि तिथंच पथारी टाकून राहिली. तिसऱ्या दिवशी सकाळी लस्त्रीला मुलगी झाली. रक्त पुन्हा थांबेना. पुन्हा तेच इंजेक्शन, पुन्हा तीच मूठ. थांबलं. सुकेसी परसात जाऊन एकटीच हमसाहमशी रडली, मग आत येऊन तिनं सगळ्यांना भात वाढला.

आता इथंच गोष्ट संपली असती तर बरं झालं असतं. जिंकलो म्हणता आलं नसतं, पण निभावलं म्हणता आलं असतं.

मुलगी दोन महिन्यांची झाली आणि पाक हर्यातमो दारात उभे. सोबत कॅमेरेवाला, लुराह, पोनिमान आणि फळांची टोपली. पोनिमाननं आपण कसे पुढारलेले आहोत हे दाखवायला पुढच्या खोलीचा फोटो गावाच्या इंटरनेटवरच्या पानावर टाकला होता. सुकेसीला वाटलं, वेनिंगवर बालंट येणार. पण साहेब आले तेच हात जोडून.

"बू, काय सुंदर काम केलंत. किती स्वच्छ ठेवलंय सगळं."

पाहुणा दारात आला की आमच्याकडे त्याला बसवतात, चहा देतात, आणि त्यानं विचारलं तर सगळं ठीक आहे म्हणतात. घर जळत असलं तरी आधी ठीक आहे म्हणतात, मग बादली शोधतात. सुकेसी आयुष्यभर ह्या लोकांवर थुंकली, पण ती दाराआडून. स्वतःच्या घरात, स्वतःच्या चटईवर बसलेल्या पाहुण्यावर कसं थुंकणार? शिवाय मनात वेनिंगची धास्ती होती. दोन शब्द वाकडे गेले तर पोरीची नोकरी जायची.

"उपकेंद्र गेल्यावर फार हाल झाले का हो, बू?" साहेबांनी विचारलं. कॅमेरा चालू होता.

"नाही, नाही," ती हसून म्हणाली. "अल्लाच्या कृपेनं सगळं ठीक चाललंय. आमचं आम्ही बघतो."

"वा," साहेब म्हणाले, आणि हे मात्र त्यांनी लिहून घेतलं.

मग त्यांनी चौकटीतलं मानपत्र दिलं, आणि ते पोचल्याची पावती पुढे केली. पावतीवर सुकेसीनं सही केली. गडबडीत वर काय छापलंय ते वाचलं नाही. पाहुण्याला ताटकळत ठेवून कागद वाचत बसणं बरं दिसलं नसतं.

वर्षभरानं कळलं, ते वेनिंगकडूनच. जिल्ह्यानं नवं धोरण काढलं होतं. 'स्वावलंबी आरोग्य ग्राम'. वातुजाजारनं दाखवून दिलं की सरकारी उपकेंद्राविना गाव आपलं आपण बघू शकतं, म्हणून डोंगरातली आणखी अकरा उपकेंद्रं बंद. पुस्तिकेच्या पहिल्या पानावर नातीला मांडीवर घेतलेल्या सुकेसीचा हसरा फोटो. फोटोखाली तिचे शब्द, 'आमचं आम्ही बघतो', आणि त्याखाली तिची पावतीवरची सही. अकरा गावांत वेनिंग नव्हत्या. एक होती, ती इथं येत होती, आणि तिलाही आता गुरुवारची ड्यूटी लावली होती.

सुकेसीनं मानपत्र चुलीत घातलं. पोनिमान डब्यांची ऑर्डर घेऊन आला तेव्हा त्याला दारातूनच परतवलं. लाटणं हातात होतं, तेवढं पुरलं. लोक म्हणाले, म्हातारी आता सरकारशी बोलत नाही. सरकारला त्याचा पत्ताही लागला नाही. लेम्पर दुसऱ्या बाईकडून येऊ लागले, सुके आणि बेचव, आणि सह्या तितक्याच व्हायला लागल्या.

भाताची कापणी उरकली त्या सुमारास एक बाई दारात आली. सुकेसीच्याच वयाची, पायांत धुळीनं माखलेल्या चपला. डोंगरापलीकडच्या सेंदांगलोहून आले म्हणाली. दोन टेम्पो बदलून आणि शेवटचे आठ किलोमीटर चालून. सुकेसीनं चटई टाकली, बस म्हणाली. बाई बसली नाही. खोलीकडे बघत राहिली; पलंगाकडे, पडद्याकडे, आणि पडद्याआडून दुडुदुडु बाहेर आलेल्या नातीकडे.

"हीच का ती?" तिनं विचारलं.

"हो, माझी नात. तुम्ही बसा तरी. लांबून आलात."

"आमचं उपकेंद्र मागच्या वर्षी बंद झालं," बाई म्हणाली. आवाज चढवला नाही. "माझी मुलगी होती. बाळंतपणात तिचं रक्त थांबलं नाही. रस्त्यातच गेली, कमानीपाशी. आमच्याकडेही कमान आहे, नवी. आम्ही कचेरीत भांडायला गेलो तर त्यांनी तुझं पुस्तक दाखवलं. म्हणाले, वातुजाजारच्या म्हाताऱ्या बाईला जमतं ते तुम्हाला का जमत नाही?"

सुकेसीला सांगायचं होतं. चौसष्ट नाकबूल, तीन शिक्के, गार खोली, वेनिंगची नोकरी. पण तिला दिसलं की ह्यातलं एकही ह्या बाईच्या उपयोगाचं नाही.

"चहा आणते," ती म्हणाली. आत गेली, पाणी ठेवलं, साखर जास्त घातली. ट्रे घेऊन बाहेर आली तेव्हा बाई तशीच उभी होती. तिनं पेल्याकडे बघितलंसुद्धा नाही.

"तुझ्या घरचं काही नको मला," ती म्हणाली. "फक्त तोंड बघायचं होतं तुझं."

ते तिनं नीट बघून घेतलं, आणि उन्हातून आल्या वाटेनं परत निघाली.